अंगावर रव्याचे दाणे : आमच्या टाकीतल्या पांढऱ्या ठिपक्यांचा अनुभव

बेळगावची थंडी अंगावर येते ती डिसेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात, आणि ती माणसांइतकीच पाण्यालाही जाणवते, हे मला आमच्या घरातल्या माशांच्या काचेच्या टाकीने शिकवले. अनगोळमधल्या आमच्या घरी तीन फूट लांबीची ही टाकी गेली सहा वर्षे आहे. मी तालुक्यातल्या एका मराठी शाळेत विज्ञान शिकवतो. टाकीची देखभाल मी आणि आठवीत शिकणारी माझी मुलगी मिळून करतो. टाकीत चार काळ्या मॉली, सहा प्लॅटी, दोन एंजल आणि आठ निऑन टेट्रा होते. ज्या रोगाविषयी मी लिहीत आहे तो मासे पाळणाऱ्यांच्या घरी सर्वाधिक आढळणाऱ्या रोगांपैकी एक आहे. त्याला आपल्याकडे ‘व्हाइट स्पॉट’ किंवा नुसते ‘इच’ म्हणतात, आणि कन्नड बोलणारे माझे एक सहकारी त्याला ‘बिळी चुक्की’ म्हणतात. त्याच्यावर भरपूर माहिती उपलब्ध असूनही पहिल्या फेरीत माझे उपचार चुकले, आणि त्या चुकीची किंमत सात माशांनी दिली. म्हणून काय झाले आणि कोणत्या क्रमाने झाले, ते मी शक्य तितके नेमके लिहितो.

डिसेंबरच्या पहिल्या रविवारी मुलीच्या वाढदिवसानिमित्त आम्ही तीन क्लाउन लोच आणले. नारिंगी अंगावर काळे पट्टे असलेला हा मासा तळाशी राहतो, त्याचे खवले अगदी बारीक असतात आणि या रोगाला तो इतर माशांच्या आधी बळी पडतो, ही माहिती मला तेव्हाही होती. तरीही मी नवीन मासे थेट मोठ्या टाकीत सोडले, कारण वेगळी ठेवण्याची टाकी माळ्यावर होती आणि मुलगी समोर वाट पाहत उभी होती. त्याच संध्याकाळी मी टाकीतले तिसरा हिस्सा पाणी बदलले. आमच्या गल्लीत नळाचे पाणी ठरावीक दिवशीच येते, त्यामुळे ते गच्चीवरच्या टाकीत साठवलेले असते, आणि रात्रीच्या थंडीने ते पाणी हाताला झोंबावे इतके गार झालेले होते. मी ते तसेच ओतले. टाकीच्या काचेवरचा थर्मामीटर 25 अंशांवरून 21 वर आला आणि हीटरला ते पुन्हा वर आणायला रात्र लागली. गार पाण्यातून रोग जन्माला येत नाही. रोगाचा जीव बहुधा त्या तीन माशांबरोबर दुकानातूनच आला असणार. परंतु प्रवासाने थकलेल्या आणि एकाएकी गारठलेल्या माशांची प्रतिकारशक्ती ढासळते, आणि एरवी अंगावर दोन-चार दाण्यांवर निभावले असते तिथे मग सगळी टाकी सापडते.

बुधवारी रात्री मुलीने मला हाक मारली. ‘‘बाबा, प्लॅटी दगडाला अंग घासतेय बघा.’’ मी पाहिले तेव्हा ती प्लॅटी तळच्या वाळूकडे तिरकी झेप घेऊन कूस घासून पुन्हा वर येत होती, आणि थोड्या वेळाने एका मॉलीनेही तेच केले. एखाद्या माशाने एखाद्या वेळी अंग घासणे स्वाभाविक असते, पण पंधरा मिनिटांत तीन निरनिराळ्या माशांनी घासणे हे लक्षण आहे. त्या रात्रीच टाकी बारकाईने पाहिली असती तर बरे झाले असते असे आता वाटते, कारण ठिपके दिसण्याच्या आधीची ही एक-दोन दिवसांची सूचना फार मोलाची असते. याच काळात मासे पर आवळून धरतात, कोपऱ्यात किंवा फिल्टरच्या पाण्याच्या धारेजवळ उभे राहतात आणि कल्ले जलद हलवतात.

शुक्रवारी सकाळी काळ्या मॉलीच्या शेपटीवर ठिपके दिसले. काळ्या माशावर ते लपत नाहीत. कोणीतरी ओल्या अंगावर बारीक रवा भुरभुरावा तसे अकरा दाणे होते. मुलीने बॅटरी धरून ते मोजले. प्रत्येक दाणा वेगळा, गोल, किंचित उंचवट्यासारखा होता आणि काचेला नाक लावून बाजूने पाहिले की तो कातडीच्या वर बसलेला नसून तिच्या आत रुतलेला आहे असे जाणवत होते.

मी बाजारातल्या दुकानात गेलो. दुकानदार चांगला माणूस आहे आणि त्याने मला फसवले नाही, हे आधी नोंदवतो. त्याला जे ठाऊक होते ते त्याने सांगितले. ‘‘सर, तेवढं काय होत नाही बघा, निळं औषध घाला, दोन-तीन दिवसांत जातंय,’’ असे म्हणून त्याने मेथिलिन ब्ल्यूची बाटली दिली. मी घरी येऊन बाटलीवर लिहिल्याप्रमाणे थेंब मोजून घातले आणि टाकी शाईसारखी निळी झाली. सोमवारपर्यंत ठिपके कमी झाले, मंगळवारी मॉलीची शेपटी स्वच्छ झाली, आणि मी समाधानाने अर्धे पाणी बदलून औषध थांबवले.

माझी मुख्य चूक इथे झाली, आणि ती इतक्या लोकांकडून होते की तिच्यावर थोडे थांबणे आवश्यक आहे. ठिपके औषधाने गेले नव्हते. ते आपल्या वेळेने पिकून गळाले होते.

हा रोग करणाऱ्या जीवाचे नाव इक्थिओफ्थिरियस मल्टिफिलिस. ग्रीक आणि लॅटिन शब्दांचा अर्थ जोडला तर ‘पुष्कळ पिलांची, माशाची ऊ’ असा काहीसा होतो. 1876 साली फुके या फ्रेंच संशोधकाने त्याला हे नाव दिले आणि ते अगदी यथार्थ आहे. ऊ म्हटले तरी हा कीटक नाही. पॅरामेशियमच्या जातकुळीतला, अंगभर पक्ष्माभिका म्हणजे केसांसारखे सूक्ष्म तंतू असलेला तो एकपेशीय आदिजीव आहे. त्याच्या आयुष्याचे तीन टप्पे आहेत. माशाच्या कातडीच्या किंवा कल्ल्यांच्या वरच्या थराखाली शिरून तो तिथल्या पेशी खात वाढतो, आणि आपल्याला दिसणारा पांढरा दाणा म्हणजे हा टप्पा. पूर्ण वाढ झाली की तो जवळजवळ एक मिलिमीटरपर्यंत पोचतो, कातडी फोडून बाहेर पडतो, थोडा वेळ पोहतो आणि वाळूवर, पानावर, काचेवर कुठेही चिकटून स्वतःभोवती चिकट आवरण तयार करतो. त्या आवरणात तो एकाचे दोन, दोनाचे चार असा विभागत जातो आणि त्यातून शेकडो, कधी हजाराच्या घरात पिले बाहेर पडतात. ही पिले पोहत मासा शोधतात. एक-दोन दिवसांत मासा सापडला नाही तर ती मरतात. औषध, मीठ, उष्णता यांचा मारा लागू पडतो तो मुख्यतः या पोहणाऱ्या पिलांवर. कातडीखालचा दाणा कातडीनेच झाकलेला असतो आणि आवरणातला जीव आवरणाने, त्यामुळे आपण ज्या ठिपक्याकडे पाहून औषध घालतो त्या ठिपक्याला औषध जवळजवळ शिवतच नाही.

हे सगळे मी शाळेत शिकवू शकलो असतो. पण मंगळवारी मॉलीची शेपटी स्वच्छ दिसली तेव्हा मला त्यातले काहीही आठवले नाही.

पुढच्या सोमवारी सकाळी टाकीवरचा दिवा लावला आणि माझ्या पोटात खड्डा पडला. अकरा दाण्यांच्या जागी मोजता न येण्याइतके दाणे होते. दोन्ही एंजलच्या पातळ परांवर, प्लॅटींच्या पाठीवर, निऑनच्या निळ्या पट्ट्यावर, सगळीकडे तेच होते. तिन्ही लोच एका लाकडाखाली एकमेकांना चिकटून पडले होते आणि त्यांचे कल्ले इतक्या वेगाने उघडझाप करत होते की ती मोजणे शक्य नव्हते. मी अमोनियाची तपासणी केली तर नळीतला रंग पिवळा राहण्याऐवजी हिरवा झाला. फिल्टरच्या स्पंजमध्ये जे उपयुक्त जीवाणू माशांच्या मलमूत्रातला अमोनिया मोडतात, त्यांच्यावरही त्या निळ्या औषधाचा परिणाम झाला होता. शिवाय फिल्टरमधली कोळशाची पिशवी मी काढलीच नव्हती, त्यामुळे घातलेले बरेचसे औषध तो कोळसाच शोषून घेत होता. म्हणजे औषध पिलांना मारण्याइतके उरले नाही, आणि जीवाणूंना दुखावण्याइतके मात्र उरले. टाकीच्या कोपऱ्यांतला सिलिकॉनचा जोड त्या दिवसांपासून निळसर पडला आहे आणि तो तसाच राहणार.

दुसऱ्या फेरीत मी मीठ आणि उष्णता ही वाट धरली. दुकानात मॅलाकाइट ग्रीन आणि फॉर्मेलिनचे मिश्रणही मिळत होते, आणि ते या जीवावर प्रभावी आहे याबद्दल मला शंका नव्हती. परंतु लोचसारख्या बारीक खवल्यांच्या माशांना ही औषधे नीट सहन होत नाहीत आणि त्यांच्यासाठी मात्रा निम्मी करावी लागते. शिवाय मॅलाकाइट ग्रीन माणसाच्या हाताळणीलाही चांगले नाही, खाण्याच्या माशांसाठी ते अनेक देशांत निषिद्ध आहे, आणि ज्या टाकीत माझी मुलगी रोज हात घालते त्या टाकीत ते घालायला मन धजेना. तांब्याची औषधे गोगलगायींना मारतात आणि मऊ पाण्यात माशांनाही घातक ठरू शकतात, म्हणून तीही नको होती.

आधी पाण्याचे माप काढले. मात्रेचे सगळे गणित यावर उभे असते आणि बहुतेकांची चूक इथेच होते, कारण टाकी विकताना सांगितलेले लिटर म्हणजे टाकीतले पाणी नव्हे. आतली लांबी 90 सेंटिमीटर, रुंदी 30, पाण्याची उंची 35. गुणाकार करून हजाराने भागले तर साडेचौऱ्याण्णव लिटर होतात. त्यातून वाळू, दगड आणि लाकूड यांनी व्यापलेली जागा वजा केली तर प्रत्यक्ष पाणी सुमारे 85 लिटर उरते. लिटरला 2 ग्रॅम या हिशेबाने मला 170 ग्रॅम मीठ लागणार होते. काही जण 3 ग्रॅमपर्यंत जातात, पण लोच आणि निऑन असलेल्या टाकीत मला ते धाडस करायचे नव्हते. स्वयंपाकघरातले खडेमीठ घेतले, पत्नीच्या वजनकाट्यावर तोलले, टाकीच्याच पाण्यात वेगळ्या भांड्यात पूर्ण विरघळवले आणि दीड दिवसात तीन हप्त्यांनी घातले. मिठाचे खडे थेट टाकीत टाकायचे नाहीत; तळाशी राहणारा मासा त्यावर जाऊन बसला तर त्याचे अंग भाजते.

उष्णतेचे काम अधिक अवघड गेले. पाणी 30 अंशांपर्यंत नेले की या जीवाचे चक्र फार वेगाने फिरते, म्हणजे दाणे लवकर गळतात आणि पिले लवकर उघड्यावर येतात, आणि बहुतेक ठिकाणच्या जीवांची वाढ त्या तापमानाला खुंटते. सगळीकडे असे होते असे नाही. उष्णता सोसणारे वाणही आढळलेले आहेत, म्हणून नुसत्या उष्णतेवर विसंबू नये. माझा 100 वॉटचा हीटर रात्रभर चालूनही पाणी 27 च्या वर जाईना, कारण खोलीतच 18 अंश होते. दुसरा तेवढाच हीटर आणला, टाकीच्या मागे आणि दोन्ही बाजूंना थर्मोकोलचे तुकडे लावले, रात्री वरून जुनी गोधडी पांघरली, आणि चार-पाच तासांना एक अंश या गतीने दोन दिवसांत 30 गाठले. एकदम चढवले असते तर रोगाआधी धक्क्यानेच मासे गेले असते. गरम पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो, आणि ज्यांचे कल्लेच पोखरलेले आहेत त्यांना नेमका तोच कमी पडतो, म्हणून एअर पंपचे हवा सोडणारे दोन दगड टाकीच्या दोन टोकांना सोडले आणि ते सतत चालू ठेवले. बुधवारी रात्री तीन तास वीज गेली, तेव्हा मुलगी आणि मी आळीपाळीने तांब्याने पाणी वरून उचलून पुन्हा ओतत बसलो होतो. पत्नीने आम्हाला चहा आणून दिला आणि तिसरी पाळी स्वतः घेतली.

दरम्यान मंगळवारी सकाळी साडेसातच्या सुमारास मोठा एंजल माझ्या डोळ्यांदेखत गेला. चार वर्षांचा होता. त्याच्या अंगावर ठिपके इतरांपेक्षा कमी होते, आणि तरीही तोच पहिला गेला, कारण त्याचे कल्ले उघडून पाहिले तेव्हा आत फिक्या, बुळबुळीत थराखाली दाण्यांची रांग दिसली. अंगावर एकही ठिपका नसताना केवळ कल्ल्यांतल्या प्रादुर्भावाने मासा मरू शकतो. अशा वेळी घरचे लोक ‘काही कारण नसताना मेला’ असे म्हणतात.

मासा मेल्यावर हे जीव त्याच्या अंगावर फार काळ थांबत नाहीत, म्हणून मी त्याला टाकीच्याच पाण्यात डबीत घातले आणि नऊच्या आत शाळेच्या प्रयोगशाळेत पोचलो. परावरची बुळबुळ काचपट्टीच्या कडेने हळूच खरवडली, पाण्याच्या थेंबात ठेवली आणि सूक्ष्मदर्शकाची सर्वांत कमी शक्तीची भिंग लावली. जे दिसले ते चित्रात अनेकदा पाहिले होते, पण जिवंत कधीच पाहिले नव्हते. करड्या-काळसर रंगाचा एक गोळा संथपणे स्वतःभोवती फिरत होता, थांबत होता, दिशा बदलून पुन्हा फिरत होता, आणि त्याच्या कडेला पक्ष्माभिकांची एक थरथरती झालर होती. भिंग बदलून शंभर पटींवर नेले तेव्हा त्याच्या पोटात घोड्याच्या नालेसारखे वळलेले फिकट केंद्रक स्पष्ट दिसले. ही या जीवाची खूण आहे आणि ती दिसली की निदानाबद्दल वाद उरत नाही.

मी पराचा एक तुकडा टाकीच्या पाण्यासह उथळ काचेच्या बशीत झाकून ठेवला. दुपारपर्यंत दोन गोळे पर सोडून बशीच्या तळाला चिकटलेले होते आणि त्यांचे फिरणे थांबले होते. बुधवारी सकाळी प्रार्थनेच्या आधी जाऊन पाहिले, तर त्यांतल्या एका गोळ्याचे कापलेल्या डाळिंबासारखे झाले होते. पातळ आवरणाच्या आत लहान-लहान दाणे खच्चून भरलेले, आणि ते दाणे जागच्या जागी चुळबुळत होते. दहावीच्या वर्गातल्या मुलांना मी एकेक करून ते दाखवले. मधल्या सुट्टीनंतर पाहिले तेव्हा आवरण फाटून रिकामे झाले होते आणि बशीभर नासपतीच्या आकाराची इवली पिले सैरावैरा धावत होती. एका मुलीने विचारले, ‘‘सर, हे सगळे त्या एकातूनच आले?’’ मी हो म्हणालो, आणि मनात आमच्या टाकीची वाळू आली. गेल्या मंगळवारी माझे मासे स्वच्छ दिसत होते, तेव्हा त्या वाळूत अशी किती डाळिंबे पिकत असतील याचा अंदाज मला तिथे, त्या बशीपाशी आला. मी बशीत कडक मिठाचे पाणी ओतले, ती उकळत्या पाण्याने धुतली, आणि घरी परतताना वाळू रोज उपसायचीच असे ठरवले.

त्या दिवसापासून रोज संध्याकाळी सायफनची नळी वाळूत खुपसून तळाचे सुमारे 20 लिटर पाणी काढले, कारण आवरणातले बरेच जीव त्या गाळाबरोबरच बाहेर जातात. तेवढेच नवे पाणी घालताना ते आधी चुलीवरच्या गरम पाण्याने टाकीच्या तापमानाला आणले, आणि 20 लिटरमागे 40 ग्रॅम मीठ त्यात विरघळवून घेतले. हे विसरले की रोजच्या पाणीबदलाने मिठाचे प्रमाण नकळत खाली येते. पाणी काढताना हीटरचे बटण बंद करावे लागते, कारण तापलेली काच उघडी पडली की तडकते. या पाणीबदलाने अमोनियाही उतरला, आणि पाचव्या दिवशी तपासणीच्या नळीतला हिरवा रंग पुन्हा पिवळसर झाला. खाणे एक दिवसाआड आणि चिमूटभरच दिले.

त्या आठवड्यात एंजलनंतर पाच निऑन आणि एक लोच गेला. निऑन रात्रीतून जात आणि सकाळी फिल्टरच्या जाळीला चिकटलेले सापडत. लोच मात्र दोन दिवस कुशीवर पडून होता. हा मासा निरोगी असतानाही कुशीवर पडून विश्रांती घेतो, त्यामुळे मुलगी प्रत्येक वेळी आशेने बॅटरी मारून त्याचे कल्ले पाहत असे. शुक्रवारी पहाटे ते हलायचे थांबले. व्हॅलिस्नेरियाच्या पानांनी मीठ सोसले नाही, ती वितळून गेली. लाकडाला बांधलेले जावा फर्न आणि अनुबियास टिकले.

गुरुवारी ठिपके अधिक वाढल्यासारखे दिसले आणि मी अस्वस्थ झालो. पण उष्णतेने आधीच अंगात शिरलेल्यांची वाढ वेगाने होत होती, म्हणून ते मोठे आणि ठळक झाले होते. या टप्प्यावर घाबरून दुसरे औषध मिसळण्याचा मोह फार होतो. मी तो आवरला. शनिवारी दाणे झपाट्याने गळू लागले, आणि रविवारी सकाळी उरलेल्या एंजलच्या वरच्या पराच्या टोकाला एकच दाणा होता. संध्याकाळी तोही नव्हता.

या वेळी मी थांबलो नाही. शेवटचा ठिपका दिसला त्या तारखेवर भिंतीवरच्या दिनदर्शिकेत मुलीने गोल काढला आणि तिथून पुढे दहा दिवस मोजले. त्या दहा दिवसांत टाकी अगदी निरोगी दिसत होती, मॉली पूर्वीसारख्या शेवाळ खुडत होत्या, आणि तरीही 30 अंश, तेवढेच मीठ आणि रोजची वाळू उपसणे चालूच ठेवले. घरच्यांना ते अनाठायी वाटत होते. ‘‘अहो, मासे बरे झाले ना? मग अजून गोधडी कशाला?’’ असे पत्नीने दोनदा विचारले, आणि मी तिला त्या बशीतल्या डाळिंबाविषयी सांगितले. दहा दिवस संपल्यावर रोज एक-दीड अंश असे पाणी खाली आणले आणि बिनमिठाच्या पाणीबदलांनी मीठ आठवडाभरात काढून टाकले. संक्रांतीपर्यंत टाकी मूळपदावर आली.

मधल्या काळात निपाणीच्या माझ्या मेव्हण्याने त्याच्या गोल्डफिशचा फोटो पाठवून, ‘आमच्याकडेही तुमचाच रोग आला, किती मीठ घालू?’ असे विचारले. फोटोत कल्ल्यांच्या झाकणावर आणि पुढच्या परांच्या पहिल्या काडीवर एकसारखे, ओळीत मांडल्यासारखे पांढरे ठिपके होते आणि बाकी अंग स्वच्छ होते. तो रोग नव्हताच; जोडीच्या हंगामात नर गोल्डफिशला असे उंचवटे येतात आणि जातात. काहीही घालू नकोस, असे मी त्याला कळवले. कापसासारखा पुंजका दिसला तर ती बहुधा बुरशी असते, आणि अंगावर बॅटरी तिरकी मारल्यावर पिवळट सोनेरी धूळ चमकली तर तो वेलव्हेट म्हणजे वेगळा परजीवी असतो. खाऱ्या पाण्यातल्या माशांवरचे पांढरे ठिपके आणखी वेगळ्याच जीवाचे, क्रिप्टोकॅरिऑनचे असतात. दाणे सुटे, साधारण एकाच मापाचे आणि पर, कूस, पाठ असे कुठेही विखुरलेले असतील, आणि सोबत अंग घासणे असेल, तरच मी इच समजतो.

फेब्रुवारीच्या शेवटी दोन उरलेल्या लोचना सोबत म्हणून आणखी दोन आणले. हे मासे कळपाने राहणारे आहेत आणि दोघेच असले तर ते लाकडाखालून बाहेर येत नाहीत. या वेळी माळ्यावरची 20 लिटरची टाकी आधीच खाली उतरवून, मोठ्या टाकीच्या फिल्टरमधला स्पंजचा तुकडा तिच्यात लावून आठवडाभर चालवलेली होती. तिच्यासाठी जाळी वेगळी, बादली वेगळी, नळी वेगळी. ओली जाळीसुद्धा हा जीव एका टाकीतून दुसरीकडे नेते, म्हणून वापरून झाल्यावर ती उन्हात कडकडीत वाळवायची असे आम्ही ठरवले. नवव्या दिवशी धाकट्या लोचच्या शेपटीजवळ तीन दाणे दिसले. मुलीनेच पाहिले आणि घाबरण्याऐवजी वजनकाटा आणला. 40 ग्रॅम मीठ, दीड दिवसात तीन हप्ते, पाणी हळूहळू 30 वर. सहाव्या दिवशी दाणे गेले, दिनदर्शिकेवर गोल निघाला, आणि पुढचे दहा दिवस लहान टाकीच्या तळातला गाळ रोज तिने स्वतः ओढला. मार्चच्या शेवटच्या रविवारी आम्ही ते दोन्ही मासे मोठ्या टाकीत सोडले, तेव्हा जुने दोघे लाकडाखालून बाहेर आले आणि चौघेही काचेच्या कडेने वरखाली पोहत राहिले.